विश्वाचे वय आणि मराठी पुस्तके : एका निर्णयाची पार्श्वभूमी

नागपुरात विश्वोत्पत्तीवर मराठीतून काही वाचायचे ठरवले, तर वाचकाच्या हाती साधारण तीन प्रकारची पुस्तके लागतात. सत्तर-ऐंशीच्या दशकांत मराठीतच विचार करून लिहिलेली, नव्वदनंतर इंग्रजीवरून अनुवादलेली, आणि स्पर्धा परीक्षांसाठी छापलेली. विश्वाचे वय तिन्हींत वेगळे सापडते. पहिल्या प्रकारात ते १० ते २० अब्ज वर्षे असते. दुसऱ्यात १५ किंवा १३.७ अब्ज. तिसऱ्यात १३.८ अब्ज, एका ओळीत, कुठलेही कारण न देता. शिवाय जुन्या मराठी पुस्तकांत महास्फोटाच्या, म्हणजे ‘बिग बँग’च्या, शेजारी दुसराही सिद्धांत मांडलेला असतो आणि त्याची बाजू मनापासून लढवलेली असते; दोन्ही सिद्धांतांना अशी बरोबरीची जागा देण्याचा निर्णय हा या लेखाचा विषय. नंतरच्या पुस्तकांत तो सिद्धांत जवळजवळ नाहीसा होतो. ग्रंथालयात ही पुस्तके एकाच कपाटात असतात. त्यामुळे एकामागून एक वाचणाऱ्या मुलाला वाटते की यांतले कुणीतरी चुकले आहे. खरे तर त्या त्या साली प्रत्येकाने जवळपास योग्यच लिहिले होते.

प्राचीन काळाबद्दल थोडक्यात. नासदीय सूक्त आणि ४ अब्ज ३२ कोटी वर्षांचा कल्प यांचा उल्लेख मराठी पुस्तकांच्या पहिल्या प्रकरणात हमखास येतो. हे विश्व कुठून आले, हा सूक्तातला प्रश्न थोर आहे आणि त्याने सुरुवात करायला काहीच हरकत नाही. कल्पाच्या आकड्याची आजच्या मोजमापांशी जुळणी लावणे मात्र वाचकाची दिशाभूल करते, कारण तो आकडा निरीक्षणातून आलेला नाही.

नागपूरच्या बाबतीत एक जुना धागा महत्त्वाचा आहे. स्वातंत्र्याच्या सुमारास इथल्या विद्यापीठाने मराठी आणि हिंदी या भाषा शिक्षणाची माध्यमे म्हणून स्वीकारल्या. त्याच काळात नागपुरात बसून संस्कृत धातूंवरून हजारो शास्त्रीय संज्ञा घडवण्यात आल्या. त्यांतल्या कितीतरी कुणाच्या तोंडी बसल्या नाहीत. तरी पदवीपर्यंतचे विज्ञान आपल्या भाषेत शिकता येते, हा आग्रह इथे रुजला तो तेव्हापासून. दुसरीकडे हिंदी वाचणे नागपूरच्या मराठी माणसाला कधीच जड गेले नाही. त्यामुळे हिंदी मासिके आणि सोव्हिएत प्रकाशनांची स्वस्त पुस्तकेही इथल्या घरांत पोचली. १९९१ नंतर ती पुस्तके येणे थांबले आणि कमी पैशांत मिळणाऱ्या विज्ञानवाचनाचा एक मोठा झरा आटला.

आता वयाच्या प्रश्नाकडे. १९२९ साली दीर्घिका (आपल्या आकाशगंगेसारखे ताऱ्यांचे प्रचंड समूह) आपल्यापासून दूर जात असल्याचे आणि जितकी दीर्घिका लांब तितका तिचा वेग जास्त असल्याचे मोजमापांतून पुढे आले. हे प्रसरण उलटे चालवले की सगळे द्रव्य एकत्र असण्याचा क्षण मिळतो. त्या वेळच्या आकड्यांनुसार तो क्षण जेमतेम २ अब्ज वर्षांपूर्वीचा निघाला. इकडे किरणोत्सर्गावरून मोजलेले पृथ्वीचे वय १९४० च्या दशकात ३ अब्ज वर्षांच्या पुढे जात होते. विश्वापेक्षा पृथ्वी जुनी, असा पेच झाला. आज हा पेच कुठल्याच छोट्या पुस्तकात सापडत नाही. तो वगळला की पुढचा सगळा वाद हट्टीपणाचा वाटू लागतो.

या पेचाच्या काळातच, १९४८ साली, केंब्रिजमधल्या तिघा तरुण शास्त्रज्ञांनी स्थिर स्थिती सिद्धांत मांडला. विश्व प्रसरण पावते हे त्यांना मान्य होते. दीर्घिका पांगल्या की मोकळ्या झालेल्या जागेत नवे द्रव्य तयार होत राहते, म्हणून विश्व सर्व काळी सारखेच दिसते, असे त्यांचे म्हणणे. त्यासाठी लागणारे द्रव्यही फार नाही. एका घनमीटर जागेत सुमारे अब्ज वर्षांत एखादा हायड्रोजनचा अणू पुरतो. सुरुवातच नसल्यामुळे वयाचा पेच आपोआप सुटत होता. प्रतिस्पर्धी कल्पनेला ‘बिग बँग’ हे नावदेखील याच तिघांपैकी फ्रेड हॉईल यांनी १९४९ साली रेडिओवरच्या भाषणात दिले.

१९५२ मध्ये दीर्घिकांची अंतरे दुपटीने कमी धरली गेल्याचे उघड झाले आणि विश्वाचे वय वाढले. स्थिर स्थितीचा एक मोठा आधार गेला. तरी सिद्धांत टिकला, आणि त्याच्या आग्रहातून एक पक्के काम उभे राहिले. उष्ण सुरुवातच नाही असे मानले, तर कार्बन, प्राणवायू, लोह ही मूलद्रव्ये कुठेतरी घडायला हवीत. ती ताऱ्यांच्या पोटात घडतात, हे सविस्तर दाखवणारा निबंध १९५७ साली प्रसिद्ध झाला आणि त्याच्या चार लेखकांत स्थिर स्थितीचा एक जनक होता. आज महास्फोट मानणारे सगळेच हे काम जसेच्या तसे स्वीकारतात. हेलियमचा हिशेब मात्र ताऱ्यांवर भागत नव्हता. विश्वातल्या साध्या द्रव्याच्या वजनात सुमारे पाव हिस्सा हेलियम आहे, आणि तारे एवढे हेलियम तयार करू शकत नाहीत; उष्ण सुरुवातीत मात्र ते घडू शकते.

१९६५ साली न्यू जर्सीतल्या एका शिंगाच्या आकाराच्या अँटेनाने टिपलेले, सगळीकडून सारखेच येणारे सूक्ष्मलहरींचे प्रारण जाहीर झाले. सुरुवातीच्या उष्ण काळाचा तो अवशेष होता; त्यालाच पार्श्वप्रारण म्हणतात. बहुतेक शास्त्रज्ञांनी त्यानंतर स्थिर स्थिती सोडून दिली. मूळचा कोल्हापूरचा, बनारसला वाढलेला आणि केंब्रिजला हॉईल यांच्याबरोबर गुरुत्वाकर्षणाचा नवा सिद्धांत मांडणारा तरुण गणिती जयंत नारळीकर मात्र आपल्या मतावर ठाम राहिला. १९७२ साली तो भारतात परतला, आधी मुंबईत काम केले आणि १९८८ पासून पुण्यात संस्था उभारली. मराठीत लिहिणारा त्या दर्जाचा विश्वरचनाशास्त्रज्ञ दुसरा नव्हता. म्हणून मराठी वाचकाची या विषयाशी पहिली भेट विरोधी बाकावर बसलेल्या माणसाने घालून दिली. हे भाग्य फार थोड्या भाषांच्या वाट्याला आले असेल.

ज्या निर्णयावर अजून मतभेद होतात, तो इथला. पहिल्यांदा वाचणाऱ्यासाठी लिहिलेल्या पुस्तकात दोन्ही सिद्धांतांना बरोबरीची जागा द्यायची का? मराठीत तशी जागा दिली गेली. नागपूरच्या दैनिकांच्या रविवार पुरवण्यांत आणि दिवाळी अंकांत नंतर जे लेख आले, त्यांनीही तीच मांडणी उचलली. आधी महास्फोट, मग त्याच्या अडचणी, मग स्थिर स्थिती, आणि शेवटी निकाल बाकी असल्याची नोंद.

या निर्णयाविरुद्धचा आक्षेप हलका नाही. बहुसंख्य शास्त्रज्ञांनी बाजूला ठेवलेला सिद्धांत नवख्या वाचकापुढे तुल्यबळ म्हणून ठेवला, तर त्याला या शास्त्राचे खरे चित्र मिळत नाही. महाविद्यालयात पदार्थविज्ञान शिकवणाऱ्या अनेकांची हीच तक्रार असे. मुले मराठी पुस्तके वाचून येतात आणि वर्गात महास्फोटाला ‘एक मत’ म्हणतात, असे ते सांगत. लेखक मोठा असल्यामुळे वाचक त्याच्या मतालाच शास्त्राचा कौल मानतो, हा मुद्दाही खरा आहे.

तरीही १९७० आणि ८० च्या दशकांसाठी तो निर्णय योग्यच होता, असे माझे ठाम मत आहे. तेव्हा विश्वाच्या प्रसरणाच्या दराचे मोजमाप ५० आणि १०० (किलोमीटर प्रतिसेकंद, दर मेगापार्सेकला, म्हणजे सुमारे ३३ लाख प्रकाशवर्षांना) या दोन आकड्यांमध्ये हेलकावत होते आणि दोन्ही आकड्यांमागे नामवंत वेधशाळा होत्या. जुन्या पुस्तकांतले ‘१० ते २० अब्ज’ हे वय याच भांडणातून येते. १०० मानले तर विश्व काही जुन्या तारकागुच्छांपेक्षा तरुण ठरत होते. म्हणजे १९४० च्या दशकातला पेच नव्या रूपात परत आला होता. पार्श्वप्रारण आकाशात इतके सारखे होते की दीर्घिकांचे बीज, म्हणजे ज्यांतून त्या घडल्या ते सुरुवातीचे बारीक फरक, त्यात कुठे आहे ते दिसत नव्हते. या अडचणी उघड सांगणे प्रामाणिकपणाचेच होते. त्या पुस्तकांनी वाचकाला निष्कर्षाबरोबर तो कसा तपासायचा हेही दाखवले : दीर्घिकेचा वर्णपट तांबड्याकडे सरकलेला का दिसतो, अंतर कशावरून ठरते, कुठले निरीक्षण कुठल्या कल्पनेला मारक ठरते. अनुवादित पुस्तकांतल्या चटपटीत कथनात हे क्वचित सापडते. एखादा पाककृती न सांगता नुसते ताट पुढे करतो, तसे ते होते.

आणखी एक गोष्ट नोंदवायला हवी. स्थिर स्थितीच्या गणितात विश्वाचे प्रसरण काळाबरोबर वेग घेते. त्या काळी महास्फोटाच्या बाजूचे जवळजवळ सगळेच प्रसरण मंदावत असल्याचे गृहीत धरत होते. १९९८ मध्ये दूरच्या अतिनवताऱ्यांच्या (स्फोट होणाऱ्या ताऱ्यांच्या) मोजमापांवरून प्रसरण खरोखर वेग घेत असल्याचे दिसले आणि २०११ चे नोबेल त्या शोधाला मिळाले. कारण म्हणून कृष्णऊर्जा, म्हणजे प्रसरणाला वेग देणारी अज्ञात ऊर्जा, पुढे आली, सतत निर्माण होणारे द्रव्य नाही. पण जुनी मराठी पुस्तके वाचलेल्याला ‘वेग घेणारे विश्व’ ही कल्पना अनोळखी वाटली नाही.

१९९२ साल नागपूरसाठी दोन अर्थांनी महत्त्वाचे. मार्चमध्ये गांधीसागरासमोर विज्ञान केंद्र सुरू झाले. पुढच्याच महिन्यात एका अमेरिकी उपग्रहाने पार्श्वप्रारणात एक लाखात एक भाग इतके बारीक चढउतार टिपल्याची घोषणा झाली. दीर्घिकांचे हरवलेले बीज सापडले. केंद्रातले तारांगण १९९७ साली उघडले आणि शाळांच्या सहली तिथे येऊ लागल्या. विदर्भातल्या किती मुलांना ‘विश्व सुरू झाले’ हे वाक्य पहिल्यांदा तिथल्या घुमटाखाली ऐकू आले असेल! घुमटाखाली मात्र वादाला फारसा वाव नसतो. अर्ध्या तासाच्या कार्यक्रमात एकच कथा बसते आणि ती महास्फोटाची होती. त्यामुळे तारांगण पाहून घरी आलेल्या मुलाच्या हाती मोठ्या भावंडाचे जुने पुस्तक पडले, की गोंधळ ठरलेला.

नव्वदच्या दशकात मराठी प्रकाशनाने एक संधी गमावली, असे मला वाटते. १९९३ साली स्थिर स्थितीची सुधारलेली आवृत्ती मांडली गेली. तिच्यात एका महास्फोटाऐवजी अनेक लघुस्फोट होते आणि पार्श्वप्रारणाचे मूळ ताऱ्यांच्या प्रकाशात शोधले होते. दीर्घिकांमधल्या जागेत विखुरलेले लोहाचे सूक्ष्म तंतू तो प्रकाश शोषून सूक्ष्मलहरींच्या रूपात परत देतात, असा तो युक्तिवाद. ही मांडणी कल्पक होती. पण २००३ साली जाहीर झालेल्या उपग्रह मोजमापांत प्रारणातल्या चढउतारांचा आलेख महास्फोटाच्या गणिताशी फार नेमका जुळला आणि वय १३.७ अब्ज ठरले. २०१३ मध्ये युरोपीय उपग्रहाने ते १३.८ केले. साधे द्रव्य सुमारे ५ टक्के, न दिसणारे कृष्णद्रव्य २७, कृष्णऊर्जा ६८ हा हिशेबही त्याच मोजमापांतला. या वीस वर्षांत जुन्या पुस्तकांची पुनर्मुद्रणे निघत राहिली, पण त्यांना नवी प्रकरणे फारशी जोडली गेली नाहीत. पुनर्मुद्रणाचे साल मुखपृष्ठामागे ठळक असते, मजकूर कुठल्या सालचा हे शोधावे लागते. २०१० च्या छपाईत १९८० चे विश्व वाचणाऱ्याला ते कळायला मार्ग नाही. बरोबरीच्या जागेचा निर्णय अन्यायकारक ठरला तो इथे, आणि तो दोष मूळ लेखकापेक्षा छापणाऱ्यांचा अधिक.

त्याचा परिणाम २०२२ मध्ये दिसला. जेम्स वेब दुर्बिणीने महास्फोटानंतर अगदी लवकरच्या काळातल्या, अपेक्षेपेक्षा तेजस्वी दीर्घिका दाखवल्या आणि ‘महास्फोट खोटा ठरला’ असे संदेश फिरू लागले. स्थिर स्थितीवरची जुनी पाने पुरावा म्हणून पुढे केली गेली. त्या दीर्घिका महास्फोटानंतर ३० कोटी वर्षांच्या आतल्याही निघाल्या, हे खरे. त्यांतून तारे किती झपाट्याने तयार झाले, हा प्रश्न उभा राहतो. पार्श्वप्रारण आणि हेलियम यांचा पुरावा त्याने हलत नाही. मे २०२५ मध्ये नारळीकरांचे निधन झाल्यावर त्यांची पुस्तके पुन्हा दर्शनी फळीवर आली आणि नवी पिढी ती वाचते आहे. त्यामुळे संदर्भाशिवायच्या वाचनाचा हा प्रश्न आता अधिक तातडीचा आहे.

दरम्यान वाद संपलेला नाही, त्याचे ठिकाण बदलले आहे. पार्श्वप्रारणावरून काढलेला प्रसरणाचा दर ६७ च्या आसपास येतो, तर तारे आणि अतिनवतारे यांच्या अंतरांवरून काढलेला ७३ च्या आसपास. दोन्ही पद्धतींत संभवणाऱ्या त्रुटीची मर्यादा आता इतकी लहान आहे की हा फरक मोजणीतल्या ढिलाईवर सोडून देता येत नाही. २०२४ आणि २०२५ मध्ये ॲरिझोनातून केलेल्या दीर्घिकांच्या मोठ्या पाहणीने कृष्णऊर्जा काळानुसार बदलत असावी, असे संकेत दिले. शोध म्हणावा इतके ते अजून पक्के नाहीत.

अभ्यासिकांमध्ये परीक्षेची तयारी करणाऱ्या मुलांना यातले ‘१३.८’ एवढेच पाठ असते. त्यांच्यासाठी नवे पुस्तक लिहायला बसणाऱ्याने जुनी मांडणी टाकून देऊ नये. दोन सिद्धांतांची दोन प्रकरणे सालांसह ठेवावीत, वयाचा पेच पुन्हा सांगावा, आणि त्यांपुढे १९९२ चे चढउतार, १९९८ चे वेग घेणारे विश्व आणि आजचा ६७ विरुद्ध ७३ चा वाद अशी तीन प्रकरणे जोडावीत. एवढे सगळे दोनशे पानांत बसते.