कामाचो, होसे अंतोनियो

(८ जून १९५५– ). स्पेनचे फुटबॉल बचावपटू आणि नंतरचे प्रशिक्षक. लेफ्ट बॅक (डावीकडचा बचावपटू) म्हणून त्यांनी व्यावसायिक कारकिर्दीतली सगळी उमेदीची वर्षे रेआल माद्रिद या एकाच क्लबात काढली. प्रशिक्षक झाल्यावर मात्र त्यांचे बूड फार काळ कुठेच टिकले नाही. अपवाद स्पेनच्या राष्ट्रीय संघाचा. तिथे ते जवळजवळ चार वर्षे होते.

जन्म आग्नेय स्पेनमधल्या मुर्सिया प्रांतातल्या सिएसा गावचा. शेजारच्या अल्बासेतेच्या संघात खेळताना ते माद्रिदच्या नजरेत भरले आणि १९७३ मध्ये क्लबात आले. पुढच्याच वर्षी, वयाची एकोणीस वर्षेही पुरी झालेली नसताना, पहिल्या संघात त्यांचे पदार्पण झाले. अंगकाठी बेताची, पायात जादूबिदू नव्हती. पण एकदा का एखाद्या खेळाडूला धरायचे ठरले, की नव्वद मिनिटे त्याची पाठ सोडायची नाही, हा खाक्या. त्या काळी बचाव म्हणजे मुख्यतः माणसागणिक राखण. बार्सिलोनाविरुद्धच्या सामन्यांत योहान क्रॉइफ या हॉलंडच्या ख्यातनाम आघाडीवीराला आवरण्याचे काम या कोवळ्या पोराकडे येऊ लागले, यावरून त्याच्यावरचा विश्वास कळतो.

जानेवारी १९७८ मध्ये गुडघ्याची गंभीर दुखापत झाली आणि ते जवळजवळ दोन वर्षे मैदानाबाहेर राहिले. अर्जेंटिनातला विश्वचषक त्यातच हुकला. गुडघ्याच्या अशा दुखापतीतून उठणे त्या काळी सोपे नव्हते, अनेकांची कारकीर्द तिथेच संपे. कामाचो परतले आणि पुढे १९८९ पर्यंत खेळले. त्यांच्या नावावर लीगची नऊ विजेतेपदे, पाच राजचषक (कोपा देल रे) आणि १९८५ व १९८६ चे लागोपाठचे दोन यूएफा चषक आहेत. लीगची सगळीच विजेतेपदे त्यांनी मैदानावर घाम गाळून मिळवली असे मात्र नाही; १९७८-७९ चे आले तेव्हा ते गुडघा सांभाळत होते. युरोपियन चषकाने हुलकावणीच दिली. १९८१ ची अंतिम लढत पॅरिसला लिव्हरपूलशी झाली. उत्तरार्धाच्या सुरुवातीला कामाचो गोलरक्षकासमोर एकटेच उरले होते. त्यांनी चेंडू त्याच्या डोक्यावरून टाकला, तो गोलाच्याही वरून गेला. शेवटच्या दहा मिनिटांत लिव्हरपूलने गोल केला आणि सामना १-० असा नेला. उभ्या कारकिर्दीत मोजके गोल करणाऱ्या बचावपटूला अशी संधी एकदाच मिळावी आणि ती नेमकी अंतिम सामन्यात यावी, हा योग विचित्रच.

देशासाठी ते ८१ सामने खेळले. १९८२ आणि १९८६ चे विश्वचषक, १९८४ आणि १९८८ च्या युरो स्पर्धा ते खेळले. १९८४ मध्ये स्पेन अंतिम फेरीत फ्रान्सकडून हरला. १९८६ मध्ये मेक्सिकोत कामाचो कर्णधार असताना बेल्जियमने पेनल्टी शूटआउटवर बाहेर काढले. डिसेंबर १९८३ मध्ये सेव्हियात माल्टाचा १२-१ असा फडशा पाडणाऱ्या संघातही ते होते. युरोचे तिकीट मिळायला त्या रात्री अकरा गोलांचा फरक लागत होता आणि तो बरोबर तेवढाच झाला.

प्रशिक्षक म्हणून त्यांनी नाव कमावले ते लहान क्लबांत. रायो व्हायेकानोला १९९२ मध्ये आणि एस्पान्योलला १९९४ मध्ये त्यांनी दुसऱ्या विभागातून वर आणले. वर आलेल्या एस्पान्योलने १९९५-९६ मध्ये चौथा क्रमांक गाठला. सेव्हियात डाळ शिजली नाही. १९९८ च्या उन्हाळ्यात रेआल माद्रिदचे बोलावणे आले, पण साहाय्यकांच्या नेमणुकीवरून अध्यक्ष लोरेन्सो सान्स यांच्याशी बिनसले आणि हंगामाचा पहिला सामना व्हायच्या आत, जेमतेम तीन आठवड्यांत, ते पायउतार झाले.

त्याच सप्टेंबरात सायप्रसने स्पेनला ३-२ असे हरवले, प्रशिक्षक हावियेर क्लेमेन्ते पायउतार झाले आणि राष्ट्रीय संघ कामाचोंच्या हाती आला. मार्च १९९९ मध्ये ऑस्ट्रियाला ९-० असे लोळवल्यावर देशाच्या आशा पल्लवित झाल्या. युरो २००० मध्ये नॉर्वेकडून हार, मग ब्रुजेसला युगोस्लाव्हियाविरुद्ध भरपाई वेळेत दोन गोल करून ४-३ असा विजय, आणि तिथेच उपांत्यपूर्व फेरीत फ्रान्सकडून १-२ अशी हार. त्या सामन्यात अखेरच्या क्षणी मिळालेली पेनल्टी आघाडीवीर राऊलने बारवरून मारली.

२००२ चा विश्वचषक मात्र त्यांच्या नावाला कायमचा चिकटला. साखळीतले तिन्ही सामने स्पेनने जिंकले, आयर्लंडला शूटआउटवर मागे टाकले आणि २२ जूनला ग्वांगजूमध्ये यजमान दक्षिण कोरियाशी गाठ पडली. राऊल जखमी होऊन बाहेर होता. निर्धारित वेळेत एका फ्री किकवरून कोरियाच्या बचावपटूला लागून चेंडू जाळ्यात गेला, पण इजिप्तचे पंच गमाल अल-गंदूर यांनी त्याआधीच्या धक्काबुक्कीसाठी शिट्टी वाजवली. जादा वेळेत होआकीनने उजवीकडून गोलरेषेपर्यंत जाऊन चेंडू आत टाकला आणि मोरियेन्तेसने डोक्याने गोल केला. तेव्हा सुवर्ण गोलाचा नियम होता, म्हणजे सामना तिथेच संपला असता. पण लाईन्समनचा झेंडा वर होता : चेंडू रेषेपलीकडे गेला होता म्हणे. फेरचित्रणात तो आत असल्याचे दिसते. शूटआउटमध्ये त्याच होआकीनची पेनल्टी अडवली गेली आणि कोरिया ५-३ असा जिंकला. पंचांवर खापर फोडणे रास्त आहे, पण १२० मिनिटांत स्पेनला पंचांना मान्य होणारा गोल करता आला नाही तो नाहीच, आणि प्रशिक्षकाच्या खात्यात तेही मांडावे लागते. स्पर्धेनंतर कामाचोंनी राजीनामा दिला. त्यांच्या निळ्या सदऱ्यावर काखेत उमटलेले घामाचे मोठाले डाग मात्र स्पेनमध्ये आजही थट्टेचा विषय आहेत.

पोर्तुगालमध्ये बेन्फिकाला ते २००२ च्या अखेरीस गेले. दोन्ही हंगामांत संघ लीगमध्ये पोर्तोच्या मागे दुसरा आला. जानेवारी २००४ मध्ये गिमारायन्सला चालू सामन्यात हंगेरीचा तरुण खेळाडू मिक्लोश फेहेर कोसळला आणि दगावला; मैदानात धावून गेलेल्या कामाचोंना रडू आवरले नाही. त्याच मे महिन्यात बेन्फिकाने अंतिम सामन्यात जोसे मोरिन्योच्या पोर्तोला २-१ असे हरवून पोर्तुगीज चषक जिंकला. आठ वर्षांत क्लबाच्या हाती लागलेला तो पहिला चषक. त्याच पोर्तोने दहा दिवसांनी चॅम्पियन्स लीग जिंकली, त्यावरून या विजयाचे मोल ठरवावे. प्रशिक्षक म्हणून त्यांनी जिंकलेला मोठा चषक एवढाच.

लगेच माद्रिदची दुसरी फेरी. झिदान, रोनाल्डो, फिगो, बेकहॅम असा तारांगणाचा संघ. लेव्हरकुसेनला ०-३ आणि एस्पान्योलला ०-१ हार झाल्यावर, लीगचे अवघे तीन सामने झालेले असताना, त्यांनी स्वतःहून पद सोडले. धडपडणाऱ्या संघाच्या अंगात वारे भरणे त्यांना जमे. तयार ताऱ्यांची मर्जी सांभाळणे त्यांच्या पिंडात नव्हते. पुढे ओसासुनात हेच दिसले. २००८ मध्ये तळाशी रुतलेला हा संघ त्यांनी हंगामाच्या अखेरच्या दिवशी, मे २००९ मध्ये, वाचवला, तोही पाम्प्लोनात रेआल माद्रिदला २-१ असे हरवून. २००७-०८ मधली बेन्फिकाची दुसरी कारकीर्द मात्र हंगाम संपण्यापूर्वीच आटोपली.

२०१० च्या विश्वचषकात ते तेलेसिंको वाहिनीवर समालोचक होते. अंतिम सामन्यात इनिएस्ताने गोल केला तेव्हा त्यांच्या तोंडून निघालेली ‘इनिएस्ता दे मी व्हिदा’ (माझ्या जिवाच्या इनिएस्ता) ही आरोळी स्पेनमध्ये घरोघरी पोचली.

चीनच्या राष्ट्रीय संघाबरोबरची दोन वर्षे (२०११–१३) फसली : विश्वचषकाची पात्रता हुकली, रेसिफेत ब्राझीलने ८-० असे झोडपले आणि थायलंडकडून घरच्या मैदानावर १-५ असे हरल्यावर त्यांना काढण्यात आले. डिसेंबर २०१६ मध्ये त्यांनी गाबोनची सूत्रे घेतली. पुढच्याच महिन्यात गाबोन आफ्रिकी चषकाचा यजमान होता. पियेर-एमरिक ओबामेयांगसारखा नावाजलेला आघाडीवीर संघात असूनही साखळीतले तिन्ही सामने बरोबरीत सुटले आणि यजमान बाहेर पडले. २०१८ मध्ये गाबोनने त्यांना निरोप दिला.