ओंद्रिचेक, मिरोस्लाव

(४ नोव्हेंबर १९३४ – २८ मार्च २०१५). चेक छायालेखक. जन्म व मृत्यू प्राग येथे. आडनावातील चेक ‘ऱ्झ’सदृश ध्वनी मराठीत नेमका उतरत नाही, येथे रूढ सुलभ रूप घेतले आहे. प्रागमधील बारांदोव्ह या चित्रपट-स्टुडिओत त्याची जडणघडण झाली. १९६० नंतरच्या चेक नवप्रवाहातील (नव्या धाटणीच्या चित्रपटांच्या चळवळीतील) दिग्दर्शक मिलोश फोरमन याच्याशी त्याची जोडी जमली ती ‘कोंकुर्स’पासून (१९६३). ‘लास्की येदने प्लाव्होव्लास्की’ (१९६५) व ‘होर्झी, मा पानेंको’ (१९६७) हे त्या जोडीचे पुढील चित्रपट. पैकी दुसरा फोरमनचा पहिला रंगीत चित्रपट.

लिंडसे अँडरसन या ब्रिटिश दिग्दर्शकासाठी त्याने चित्रित केलेल्या ‘इफ....’मध्ये (१९६८) काही दृश्ये रंगीत, तर काही कृष्णधवल आहेत. पैसे संपल्यामुळे असे करावे लागले, ही आख्यायिका बरीच पसरलेली आहे. अँडरसनने दिलेले स्पष्टीकरण वेगळे आहे : शाळेच्या प्रार्थनामंदिराच्या मोठ्या खिडक्यांतून येणारा प्रकाश सतत पालटत होता. हाताशी असलेला वेळ आणि पैसा पाहता तेथे रंगांची एकसंधता राखण्याची हमी ओंद्रिचेकने दिली नाही. म्हणून ती दृश्ये कृष्णधवल घेतली. परिणाम आवडल्यावर अन्यत्रही तसे केले. म्हणजे काटकसर हे कारण होते, पण अपुरे. शिवाय याच दोघांच्या आधीच्या ‘द व्हाइट बस’मध्येही (१९६७) कृष्णधवल चित्रणात मधूनच रंग येतो. तेव्हा ‘इफ....’मधील मिश्रण निव्वळ अडचणीतून सुचले, असे म्हणणे धाडसाचे ठरेल. अडचणीने एका जुन्या आवडीला वाट करून दिली, हे मत अधिक ग्राह्य वाटते. अँडरसनच्याच ‘ओ लकी मॅन!’चे (१९७३) छायालेखनही त्याचे.

१९६८ नंतर फोरमन अमेरिकेत राहिला. ओंद्रिचेकने देश कायमचा सोडला नाही. तरीही ‘टेकिंग ऑफ’ (१९७१), ‘हेअर’ (१९७९), ‘रॅगटाइम’ (१९८१) व ‘व्हालमाँ’ (१९८९) या फोरमनच्या चित्रपटांचे छायालेखन त्यानेच केले. जॉर्ज रॉय हिलच्या ‘स्लॉटरहाउस-फाइव्ह’मध्ये (१९७२) प्रागने ड्रेस्डेन या जर्मन शहराची भूमिका वठवली. फोरमनच्या ‘अमाडेउस’मध्ये (१९८४) प्राग व्हिएन्ना झाले. ज्या नाट्यगृहात १७८७ मध्ये संगीतकार मोझार्टच्या ‘डॉन जोव्हान्नी’ या ऑपेराचा पहिला प्रयोग झाला, तेथेच ऑपेराची दृश्ये खऱ्या मेणबत्त्या लावून घेण्यात आली. जुन्या लाकडी अंतर्भागात हे जोखमीचेच होते. या चित्रपटासाठी त्याला बाफ्टा हा ब्रिटिश चित्रपट पुरस्कार लाभला. ऑस्करसाठी मात्र ‘रॅगटाइम’ व ‘अमाडेउस’ या दोहोंची नामांकनेच झाली.

‘सिल्कवुड’ (१९८३), ‘अवेकनिंग्ज’ (१९९०) व ‘अ लीग ऑफ देअर ओन’ (१९९२) हे त्याचे अन्य उल्लेखनीय चित्रपट. अमेरिकन छायालेखक संस्थेने २००४ मध्ये त्याला आंतरराष्ट्रीय पुरस्कार दिला. मुलगा डाव्हिड हा चित्रपट-दिग्दर्शक आहे.