गाडे, हरी अंबादास

(१९१७–२००१). आधुनिक भारतीय चित्रकार. मुंबईच्या ‘प्रोग्रेसिव्ह आर्टिस्ट्स ग्रुप’च्या सहा संस्थापक सदस्यांपैकी एक. जन्म अमरावती जिल्ह्यातील तळेगाव दशासर येथे. स्वातंत्र्यानंतर अमूर्त शैलीकडे वळलेल्या पहिल्या पिढीत त्यांची गणना होते. याच गटातल्या हुसेन, सूझा, राझा यांच्या मानाने त्यांच्यावर लेखन फार थोडे झाले. त्यांची ओळख बहुधा गटाच्या यादीतले एक नाव एवढ्यावरच थांबते.

तळेगाव दशासर आज धामणगाव रेल्वे तालुक्यात येते. शंकरपटामुळे (बैलांच्या शर्यतीमुळे) हे गाव वऱ्हाडभर ठाऊक आहे. गाडे जन्मले तेव्हा ते चांदूर तालुक्यात होते. गाडे महाराष्ट्रातले आणि सय्यद हैदर राझा मध्य प्रदेशातले, ही वाटणी आजच्या नकाशाप्रमाणे बरोबर असली तरी त्या काळाला लागू पडत नाही. वऱ्हाड १९०२ च्या करारानुसार निजामाकडून कायमच्या पट्ट्याने घेतला गेला आणि १९०३ मध्ये मध्यप्रांताला जोडला गेला. त्यामुळे राझांचे मंडला जिल्ह्यातले बाबरिया आणि गाड्यांचे तळेगाव एकाच प्रांतात होते. त्या प्रांताची राजधानी नागपूर होती. चित्रकला शिकायला दोघेही आधी तिथेच गेले.

गाडे यांनी नागपूर विद्यापीठाची विज्ञान शाखेची पदवी घेतली. नागपूर स्कूल ऑफ आर्टची पदविका मात्र १९४९ ची आहे आणि त्यापुढची मुंबईची पात्रता १९५० ची. शेवटच्या पात्रतेचा उल्लेख काही इंग्रजी परिचयांत कलेतील ‘मास्टर’ पदवी असा येतो. मुंबई सरकारच्या कला परीक्षांत तेव्हा चित्रकला शिक्षकांसाठी ‘आर्ट मास्टर’ ही परीक्षा होती. हा उल्लेख तिचाच असावा, असे मानणे अधिक सयुक्तिक वाटते. राझा नागपूरच्या याच शाळेत १९३९ ते १९४३ या काळात होते. पदविकांच्या सालांत एवढे अंतर असल्याने दोघांना सरसकट वर्गमित्र म्हणू नये. सालांचा क्रम पाहिला तर आणखी एक गोष्ट दिसते. गटाची स्थापना आधी झाली आणि पदविका नंतर मिळाली. गाडे चित्रकार म्हणून उभे राहिले ते कलाशाळेचा शिक्का नसताना, विज्ञानाच्या पदवीवर.

गटाच्या स्थापनेचे साल बहुतेक ठिकाणी १९४७ असे दिले जाते. काही ठिकाणी १९४८ हेही साल आढळते. फ्रान्सिस न्यूटन सूझा, राझा आणि कृष्णाजी हौळाजी आरा हे तिघे पुढाकार घेणारे होते. मकबूल फिदा हुसेन, गाडे आणि शिल्पकार सदानंद बाकरे हे त्यांना येऊन मिळाले. तिघांपैकी प्रत्येकाने एकेक नवा सदस्य आणला, अशी हकीकत रूढ आहे. कोणी कोणाला आणले याच्या जोड्या मात्र सांगणाऱ्यागणिक बदलतात. प्रांत एक म्हणून गाड्यांना राझांनीच आणले असणार, हा तर्क सोपा आहे, पण तो पुरावा नव्हे. गटाचे पहिले संयुक्त प्रदर्शन जुलै १९४९ मध्ये रॅम्पार्ट रो येथील बॉम्बे आर्ट सोसायटीच्या दालनात भरले. उद्घाटन मुल्कराज आनंद यांनी केले. या प्रदर्शनालाही काही जण १९४८ हे साल देतात, परंतु १९४९ स्वीकारणे सुरक्षित.

या सहांपैकी मुंबईत जन्मलेला एकही नाही. सूझा गोव्याचे, आरा सिकंदराबादजवळच्या बोलारमचे, बाकरे बडोद्याचे आणि हुसेन पंढरपूरचे. वऱ्हाडातल्या खेड्यातले गाडे तेवढे एकटे. मुंबईत या मंडळींना तीन युरोपीय निर्वासितांचा आधार मिळाला. रूडी फॉन लायडन हे समीक्षक होते, वॉल्टर लँगहॅमर हे ‘टाइम्स ऑफ इंडिया’चे कलादिग्दर्शक आणि इमॅन्युएल श्लेसिंगर हे संग्राहक. लँगहॅमर यांची मोकळी, जाड रंगलेपनाची पद्धत अनेकांनी उचलली. सूझा १९४९ मध्ये लंडनला, राझा १९५० मध्ये पॅरिसला आणि बाकरे १९५१ मध्ये लंडनला गेले. मागे हुसेन, आरा आणि गाडे राहिले. १९५६ मध्ये गट विसर्जित झाला. परदेशी गेलेल्यांची नोंद तिकडच्या दालनांनी आणि समीक्षकांनी ठेवली. गाड्यांविषयीची सामग्री तोकडी आहे, त्याचे एक कारण हेही असावे.

गाडे यांची सुरुवातीची चित्रे मुख्यतः जलरंगातली निसर्गदृश्ये आहेत. पुढे तैलरंग आला आणि कुंचल्याबरोबर पॅलेट नाइफही (रंग लावायची लवचीक पाती). घरे, छपरे, झाडे यांचे त्रिकोण आणि चौकोन होत गेले. खोली कमी झाली आणि रंगाचे सपाट तुकडे शेजारी शेजारी बसू लागले. शेवटी दृश्य विरून रंगच उरला. रेखेपेक्षा रंग हा त्यांच्या चित्राचा कणा आहे, यावर जाणकारांचे मतैक्य दिसते. विज्ञानाच्या अभ्यासामुळे रंगाकडे ते हिशेबी नजरेने पाहत, असेही म्हटले जाते. मात्र त्यांची चांगली चित्रे हिशेबाने केलेली वाटत नाहीत.

या वळणामागे माध्यमाचाही वाटा आहे. पारदर्शक जलरंगात पांढरा रंग लावायचा नसतो, कागदाचा पांढरा राखायचा असतो. कागद पातळ असेल तर तो पाच-दहा मिनिटे पाण्यात भिजवून फळीवर पसरतात. चारी कडा डिंकाच्या पट्टीने चिकटवून फळी आडवी ठेवून वाळवतात. असे केले नाही तर पहिल्याच वॉशला, म्हणजे पातळ रंगाच्या सलग थराला, कागद लाटांसारखा फुगतो आणि रंग खळग्यांत साचतो. फळीला साधारण पंधरा अंशांचा उतार देतात. लागेल त्याच्या दुप्पट रंग आधीच कालवून ठेवतात, कारण मध्येच नव्याने कालवलेली छटा जुळत नाही. कुंचला आडवा ओढला की खालच्या कडेला रंगाची ओली धार उभी राहते. पुढचा फटकारा तीच धार खाली नेतो. तळाशी उरलेली धार पिळलेल्या कुंचल्याने टिपली नाही तर ती मागे पसरून आकाशात फुलकोबीसारखा डाग पडतो. एकावर एक फार थर चढवले की रंग गढूळ होऊ शकतो.

विदर्भात चैत्र-वैशाखात पारा पंचेचाळिसाकडे जातो आणि हवा कोरडी ठक्क असते. तिथे हा वॉश कागदाच्या मध्यापर्यंत पोचायच्या आतच वरून सुकतो आणि मध्ये कडक रेघ उमटते. म्हणून उघड्यावर रंगवणारे सूर्य वर यायच्या आत काम उरकतात. कागद आधी पाण्याने ओला करून घेतात आणि खाली ओले फडके ठेवतात. रंगाच्या पाण्यात ग्लिसरीनचे एक-दोन थेंब घातले तर वेळ मिळतो. ग्लिसरीन जास्त झाले तर पावसाळ्यात तोच कागद चिकट होतो आणि त्यावर बुरशी धरते.

नाइफने लावलेला तैलरंग याच्या नेमका उलटा आहे. कुंचला दोन रंग एकमेकांत मिसळवतो, नाइफ ते शेजारी ठेवतो आणि मध्ये धारदार कड उभी राहते. सपाट, कोनाकृती तुकड्यांची रचना करणाऱ्याला हेच हवे असते. धोका थरांचा असतो. खालचा थर कमी तेलाचा आणि वरचा जास्त तेलाचा, हा क्रम पाळावा लागतो. तो उलटला तर वरचा थर आधी कडक होतो, खालचा नंतर आकसतो आणि भेगा पडतात. एकाच बैठकीत फार जाड लेप दिला तर वर साय धरते, आत रंग ओलाच राहतो आणि पृष्ठभागाला सुरकुत्या येतात. काळा रंग विशेष सावकाश वाळतो. त्यावर घाईने पांढरा चढवला की भेग ठरलेली.

गाड्यांच्या रंगांत वऱ्हाडची काळी माती, कवेलूंची (कौलांची) लाल छपरे आणि पळसाचा केशरी शोधण्याचा मोह स्थानिक लेखनात दिसतो. राझा यांनी मंडल्याच्या जंगलाचे आणि शाळेतल्या नंदलाल झारिया गुरुजींनी भिंतीवर काढून दिलेल्या बिंदूचे ऋण स्वतःच वारंवार सांगितले आहे, म्हणून त्यांच्याबाबतीत असे बोलता येते. गाड्यांच्या बाबतीत चित्रांत जे दिसते त्यापलीकडे जाऊ नये, आणि चित्रांत दिसतात ती छपरे कुठल्याही गावची असू शकतात. हीच सावधगिरी अमूर्त चित्रकार वासुदेव गायतोंडे यांच्याबाबतही हवी. ते २ नोव्हेंबर १९२४ रोजी नागपूरला जन्मले, पण घराणे गोव्याचे. वाढले मुंबईत आणि १९४८ ची पदविका जे. जे. स्कूल ऑफ आर्टची. जन्मस्थळापलीकडे त्यांना वैदर्भीय म्हणायला आधार नाही.

या पिढीची कागदावरची कामे जुन्या घरांत आजही भिंतीवर टांगलेली असतात. त्यांचे नुकसान मुख्यतः चौकटीच्या मागच्या पुठ्ठ्याने होते. त्यातल्या आम्लाने कागद कडांपासून तपकिरी पडत जातो. काच कागदाला टेकलेली असेल तर पावसाळ्यातला दमट वारा काचेच्या आत पाणी धरतो आणि रंग काचेला चिकटतो. माउंटची, म्हणजे चित्राभोवतीच्या पुठ्ठ्याच्या पट्टीची, जाडी एवढी हवी की काच आणि चित्र यांत दोन-तीन मिलिमीटरचे अंतर राहील. कॅनव्हास उन्हाळ्यात ताणतो आणि पावसाळ्यात सैल पडतो. सैल दिसला म्हणून चौकटीच्या कोपऱ्यातल्या पाचरी पावसाळ्यात ठोकू नयेत, कारण उन्हाळ्यात तोच ताण नाइफच्या जाड रंगाला सोसत नाही. गुंडाळून न्यायची वेळ आलीच तर रंगाची बाजू बाहेर ठेवून जाड नळीवर गुंडाळावा. रंग आत ठेवला तर उंचवटे चेपून सुटतात.