टपाल हरकारा

टपालाची थैली ठरलेल्या टप्प्यापर्यंत पायी पोचवणारा नोकर. ‘रनर’, ‘डाकवाला’ हीही नावे रूढ. येथे मुख्यतः पुणे जिल्ह्याच्या ग्रामीण भागाचा विचार केला आहे.

‘टपाल’ शब्दाच्या व्युत्पत्तीविषयी एकमत नाही. तेलुगू कोशकार सी. पी. ब्राउन यांनी तो फ्रेंच ‘एताप’शी (मुक्कामाचे ठिकाण) जोडला, कोशकार विल्सन यांचा कल दाक्षिणात्य उगमाकडे दिसतो, भाषाभ्यासक जॉन बीम्स यांनी ‘टप्पा’ (ठसा मारण्याची जागा) आणि ‘आलय’ अशी फोड केली. मराठीतला ‘टप्पा’, म्हणजे एका दमाचे अंतर, हरकाऱ्याच्या कामाशी चपखल जुळतो आणि अर्थदृष्ट्या तोच जवळचा वाटतो. तथापि तेलुगू कारकून ‘लु’ हा अनेकवचनाचा प्रत्यय समजून ‘टप्पालु’चे ‘टप्पा’ करीत, हे ब्राउन यांचे निरीक्षण पाहता हे साम्य योगायोगाचेही असू शकेल.

पेशवाईत पत्रे जासूद (निरोप्ये) नेत, बहुधा दोघे मिळून. म्हणून तत्कालीन पत्रांत ‘जासूदजोडी’ वारंवार भेटते. त्यांच्या मेहनतान्याला अजुरा म्हणत. मात्र ती मुख्यतः दरबारी आणि सावकारी पत्रे. रयतेचे टपाल खऱ्या अर्थाने सुरू झाले ते 1854 मध्ये, अंतराऐवजी वजनावर दर ठरल्यावर. 1858 मध्ये खंडाळा–पुणे रेल्वे धावू लागली, तसा हमरस्त्यावरचा हरकारा मागे पडला. मुळशी, वेल्हे, आंबेगावच्या डोंगरवाटांवर मात्र तो पुढेही दीर्घकाळ टिकला.

हातात भाल्याच्या पात्याची काठी, तिला घुंगरू. खांद्यावर लाखेने मोहोरबंद केलेली थैली. टप्पा साधारण सहा ते आठ मैलांचा. घुंगरांचा आवाज ऐकून पुढचा गडी उठून तयार राही. पावसाळ्यात अंगावर घोंगडी, ओढ्याला पूर आला की थैली डोक्यावर. ती उघडण्याचा अधिकार त्याला नव्हता. म्हणूनच ‘पत्र वाचून दाखवणारा हरकारा’ ही आठवण तपासून घ्यावी लागते: ते काम गावोगाव फिरणाऱ्या पोस्टमनचे. लोकस्मृतीत दोघे एक झाले आणि धावणाऱ्याचे कष्ट त्यात झाकले गेले.

पोस्टकार्ड 1879 चे, मनीऑर्डर 1880 ची. मुंबईत राबणाऱ्यांचे पैसे जुन्नर, खेड, मावळातल्या घरी पोस्टमनच्या हातून येत. सही येत नसेल तर साक्षीदारासमोर अंगठा घेतला जाई. मृत्यूची वार्ता असलेल्या कार्डाचा कोपरा फाडलेला असे. ते घरात न नेता दाराबाहेरच वाचून लगेच फाडून टाकीत.