'कट्यार'मधलं आहे, मग नाट्यगीत का नाही?

मागच्या गणपतीत आमच्या बेळगावात एका गायन स्पर्धेला पेटीवर साथीला बसलो होतो. गट नाट्यगीताचा. बारा-तेरा वर्षांची एक मुलगी आली, गळा सुरेल, लय पक्की, आणि तिनं 'सूर निरागस हो' म्हटलं. सुंदर म्हटलं. परीक्षकांनी तिला स्पर्धेतून बाद केलं आणि कारण एका वाक्यात सांगितलं: हे नाट्यगीत नाही. मी पेटी आवरत होतो तेवढ्यात तिची आई जवळ आली. "सर, 'कट्यार'मधलंच गाणं आहे की ओ. मग नाट्यगीत कसं नाही?"

प्रश्न अगदी रास्त होता. त्या हॉलमध्ये त्याचं नीट उत्तर कुणी दिलं नाही, मलाही तेव्हा घाईत जमलं नाही, म्हणून इथं सविस्तर लिहितो.

'कट्यार काळजात घुसली' दोन आहेत. एक नाटक, पुरुषोत्तम दारव्हेकरांचं, 1967 सालचं. त्याचं संगीत पंडित जितेंद्र अभिषेकींचं. दुसरा चित्रपट, सुबोध भावे यांनी दिग्दर्शित केलेला, 2015 सालचा. त्यात अभिषेकींच्या काही चाली ठेवल्या आणि त्यांच्या जोडीला शंकर-एहसान-लॉय यांची नवी गाणी आली. 'सूर निरागस हो' त्या नव्या गाण्यांपैकी. 'अरुणी किरणी'सुद्धा. त्या गाण्यासाठी महेश काळे यांना पार्श्वगायनाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. आता 'पार्श्वगायन' हा शब्दच बघा. पडद्यामागून गाणं. नाटकात गाणारा पडद्यापुढे असतो, अंगावर पोशाख, तोंडाला रंग, आणि समोर माणसं. 'सुरत पिया की', 'घेई छंद मकरंद', 'तेजोनिधी लोहगोल' ही मात्र नाटकातली पदं. ती सिनेमात गेली तरी पदंच राहिली.

घोटाळा होतो तो कानामुळे. तान आली, सरगम आली, तबल्यावर तीनताल लागला की आपण म्हणतो नाट्यगीत. राग तर दोन्हीकडे आहे. फरक रागात नाही. संगीतकारानं ती चाल कुणाच्या हाती द्यायची म्हणून बांधली, त्यात फरक आहे. नाटकाचा संगीतकार चाल नटाच्या हाती देतो आणि बाजूला होतो. सिनेमाचा संगीतकार गाणं यंत्रावर उतरेपर्यंत आपल्या हातातून सोडत नाही. एकच माणूस दोन्हीकडे काम करत असला तरी ही दोन कामं निराळी आहेत.

नाटकाचं आधी सांगतो, कारण ते मी बोटांनी केलंय.

रंगमंचावर पद संवादातून निघतं. नट वाक्य बोलत असतो, त्याचा शेवटचा शब्द पडायच्या आत ऑर्गनवाल्यानं सूर धरलेला असतो, आणि बोलणं जिथं थांबतं तिथूनच गाणं उचललं जातं. आधी म्युझिक वाजवायला सवड नाही. म्हणून चांगल्या नाट्यपदाचा मुखडा, म्हणजे पहिली ओळ, बोलण्याच्या जवळचा असतो. पहिले चार शब्द असे पडले पाहिजेत की नटाला उडी मारावी लागू नये. मग मुखड्यावर परत यायची जागा, म्हणजे समेवर, तालाच्या पहिल्या मात्रेवर, आदळायची जागा, इतकी ठळक लागते की नट तानांमध्ये कितीही लांब गेला तरी तबलजी, पेटीवाला आणि शेवटच्या रांगेतला माणूस तिघांनाही ती येतेय हे कळावं. अंतऱ्यात थोडी मोकळी जागा सोडायची. तिथं काय भरायचं हे गाणारा ठरवतो. निपाणीच्या प्रयोगात एक भरेल, खानापूरच्या प्रयोगात दुसरं, आणि वन्समोअर आला तर त्याच रात्री तिसरं.

पट्टीचंही तसंच. पट्टी म्हणजे पेटीच्या ज्या पट्टीवर गाणारा आपला सा धरतो ती. आज काळी एकमध्ये गाणारा नट, उद्या त्याचा घसा बसला म्हणून आयत्या वेळी दुसरा उभा राहतो, तो पांढरी चारवाला. सगळी पदं त्या रात्री चार स्वर वर सरकतात. जी चाल अशी सरकवल्यावर निस्तेज होते, ती रंगभूमीवर टिकत नाही. आमच्या एका हौशी प्रयोगात तिसऱ्या घंटेला हा बदल कळला होता आणि मी विंगेत उभ्या उभ्या सगळी पदं नव्या पट्टीत बोटांवर फिरवून पाहिली. सगळी बसली. त्या रात्री मला बांधणाऱ्याची किंमत कळली.

म्हणून मी म्हणतो, नाटकाची चाल अर्धी सोडलेली असते, आणि कुठं सोडायची हे कळणं ही त्या कामातली खरी विद्या. अभिषेकींनी 'घेई छंद मकरंद' या एकाच पदाला दोन चाली दिल्या. नाटकात दोन प्रतिस्पर्धी गवई आहेत, त्यांच्यासाठी. एक धानी रागात, पंडित भानुशंकरांची, संथ आणि आतल्या आवाजातली. दुसरी सालगवराळीत, खाँसाहेबांची, चपळ आणि आक्रमक. शब्द तेच, फूल तेच, भुंगा तोच. दोन घराण्यांमधलं वैर प्रेक्षकाला समजवायला संवादाचं एक पानही खर्चावं लागलं नाही. पहिल्या संचात भार्गवराम आचरेकर आणि वसंतराव देशपांडे हे दोन अगदी वेगळ्या प्रकृतीचे गळे होते. अभिषेकींनी त्या गळ्यांना जागा दिल्या. वसंतरावांनी त्या जागांमध्ये पुढे वर्षानुवर्षं जे केलं, ते कुठल्याही कागदावर लिहिलेलं नव्हतं.

याच्या आणखी पुढचं उदाहरण 'मानापमान' नाटकाचं. 1911 साली गोविंदराव टेंबे यांनी त्याच्या चाली केल्या, पूरबकडच्या ठुमरी-दादऱ्याचा रंग आणून. पुढे मास्टर दीनानाथांनी त्यातला नायक धैर्यधर उभा केला तेव्हा त्यातली काही पदं आपल्या ढंगानं, आपल्या चालीत गायली. आज दोन्ही परंपरा जिवंत आहेत आणि दोन्हींना आपण 'मानापमान'चीच पदं म्हणतो. सिनेमात असं झालं तर? लोक म्हणतील गाणं चुकलं.

कारण सिनेमाचं गाणं एकदाच घडतं. दिग्दर्शक प्रसंग सांगतो, संगीतकार चाल बांधतो, संगीत संयोजक कडव्यांमधले तुकडे कुठल्या वाद्यांवर वाजतील ते लिहून काढतो, गायक माईकपुढे गातो. त्यातलं सगळ्यांत चांगलं म्हणणं ठेवतात, बाकीचं टाकून देतात. पडद्यावरचा नट त्यावर ओठ हलवतो. पुढे संकलक म्हणाला की वीस सेकंद जास्त आहेत, तर एक तुकडा जातो. शेवटी जे राहतं तेच गाणं, मग ते बेळगावात लागो नाहीतर बोस्टनमध्ये. इथं मोकळी जागा सोडून चालत नाही, कारण ती भरायला नंतर कुणी येणार नाही. कडव्यांमधली बासरीसुद्धा लोकांना पाठ होते. 'सूर निरागस हो' म्हणणाऱ्या त्या मुलीनं मधलं म्युझिक माझ्याकडून तंतोतंत मागितलं होतं, सुरावटीसकट. तिच्या दृष्टीनं तोही गाण्याचाच भाग होता, आणि सिनेमाच्या गाण्याबाबत ते खरंच आहे.

पार्श्वसंगीत हे सिनेमाच्या संगीतकाराचं आणखी एक काम. चित्रपट जोडून झाल्यावर सेकंद मोजून करायचं. नाटकालाही ते असतं, पण तिथं वाजवणारा नटाच्या श्वासाकडे बघून थांबतो. या विषयावर स्वतंत्रच लिहायला हवं.

आता आपल्या मुलुखाकडे येतो, कारण या सगळ्याची मुळं इथं आहेत. मराठी संगीत नाटक रुजवणारे अण्णासाहेब किर्लोस्कर याच जिल्ह्यातल्या गुर्लहोसूरचे, जन्म 1843. बेळगावात ते शिक्षक होते आणि 'शारदा' लिहिणारे गोविंद बल्लाळ देवल इथले त्यांचे विद्यार्थी. 31 ऑक्टोबर 1880 ला पुण्यात अण्णासाहेबांच्या 'शाकुंतल'चा पहिला प्रयोग झाला. त्या काळी नाटकाला वेगळा संगीतकारच नव्हता. नाटककार पद लिहायचा आणि त्यावर 'चाल' म्हणून लोकांना ठाऊक असलेल्या गाण्याचा पहिला चरण छापायचा. कीर्तनातली साकी, दिंडी, लावणी, आणि आपल्या भागात कानावर रोज पडणारी कानडी पदंसुद्धा. गोकाककडे कुळगोडचा श्रीकृष्ण पारिजात हा कानडी लोकनाट्याचा खेळ ज्यांनी रात्रभर बसून ऐकलाय, त्यांना संवादातून गाणं कसं उगवतं हे वेगळं शिकवायला नको. कानडी की मराठी यावरून आज कितीही ताणलं, तरी अण्णासाहेबांच्या पदांतून दोन्ही भाषांचे सूर वेगळे करता येत नाहीत. हे मी अभिमानानं सांगतो.

चाली करणारा स्वतंत्र माणूस ठळकपणे पुढं आला तो टेंब्यांपासून. आणि तेच टेंबे 1932 मध्ये शेजारच्या कोल्हापुरात प्रभात फिल्म कंपनीच्या 'अयोध्येचा राजा' या चित्रपटाला संगीत देत होते, शिवाय हरिश्चंद्राची भूमिकाही करत होते. पार्श्वगायन अजून आलं नव्हतं. नट कॅमेऱ्यापुढे स्वतः गायचा आणि वादक चौकटीच्या बाहेर बसून वाजवायचे. म्हणजे रंगमंचच, पण वन्समोअर नसलेला. त्या एकाच माणसाच्या आयुष्यात वीस-एकवीस वर्षांत चालीचं अख्खं स्वरूप बदललं. नाटकात तासाच्या हिशेबानं चालणारं गाणं आता फिल्मच्या फुटांत आणि मिनिटांत मोजायचं.

मास्टर कृष्णराव फुलंब्रीकरांचा प्रवास तर उलटसुलट आहे. भास्करबुवा बखल्यांचे शिष्य, गंधर्व नाटक मंडळीत वाढलेले. नंतर प्रभातमध्ये 'माणूस', 'शेजारी' असे चित्रपट केले. आणि 1942 मध्ये रांगणेकरांच्या 'कुलवधू'साठी पुन्हा रंगभूमीवर. 'बोला अमृत बोला' ऐका. भैरवी आहे, पण आटोपशीर. चित्रपटानं त्यांना थोडक्यात सांगायला शिकवलं आणि ते शिकणं त्यांनी नाटकात आणलं, असं माझं मत आहे. काही जुने जाणकार याला ऱ्हास म्हणायचे. मला ते पटत नाही. नाटकं छोटी झाली होती, पदांनी त्यांच्या मापात बसणं भाग होतं.

पुढे वसंत देसाईंनी 'झनक झनक पायल बाजे' हा चित्रपटही केला आणि 'पंडितराज जगन्नाथ' हे नाटकही. भास्कर चंदावरकर आम्हा सीमेवरच्यांना जास्त जवळचे वाटावेत. 1972 मध्ये 'घाशीराम कोतवाल' नाटकाचं संगीत त्यांचं, आणि त्याच सुमाराच्या 'वंशवृक्ष' या कानडी चित्रपटाचंही. 'घाशीराम'मध्ये गाणारी माणसांची रांगच भिंत होते, तीच झुलते, तीच पाठ फिरवते. तिथं एकट्या गवयाला तानेसाठी जागा नाही, जागा समूहाच्या हालचालीला आहे. म्हणजे नाट्यसंगीत म्हणजे तान, हाही गैरसमजच. 'सामना' चित्रपटातलं 'कुणाच्या खांद्यावर कुणाचे ओझे' त्यांनीच बांधलं, आणि ते गाणं पडद्यावरच्या चित्रापासून वेगळं करून मला ऐकताच येत नाही.

मग स्पर्धेला जाणाऱ्या मुलांनी काय करावं? गाणं निवडल्यावर एवढंच विचारा: हे पहिल्यांदा रंगमंचावर कुणी गायलं? नाव सांगता आलं तर ते नाट्यपद. नाव पार्श्वगायकाचं निघालं तर ते चित्रपटगीत, मग चित्रपट नाटकावरून का केलेला असेना. आणि आयोजकांनी गटांची नावं नुसती छापण्यापेक्षा फॉर्मवर नाटकाचं नाव आणि संगीतकाराचं नाव हे दोन रकाने ठेवावेत. मूल बाद होण्याआधी कुणाचं तरी लक्ष जाईल. बारा वर्षांच्या पोरीला व्यासपीठावर ते सांगणं मला अजून बोचतं.

त्या मायलेकी दिवाळीनंतर घरी आल्या. मुलीनं 'घेई छंद' बसवलं होतं, सालगवराळीतलं. मोबाईलवर ऐकून, तान अन् तान पाठ. मी म्हटलं, "बाळ, ही तान वसंतरावांची. छान आलीय. आता तुझी घे." ती गोंधळली. आईकडे बघितलं. मी पेटीवर मुखडा पुन्हा वाजवला, अंतऱ्यापाशी आलो आणि नुसता सूर धरून बसलो. ती दोन आवर्तनं गप्प राहिली. तिसऱ्याला तिनं चार स्वरांची एक साधी तान घेतली, थोडी वाकडी, आणि समेवर बरोबर येऊन थांबली.