ऑबर्न टायगर्स संघाचा २०१३ चा हंगाम

अमेरिकेतील अलाबामा राज्यातल्या ऑबर्न विद्यापीठाच्या अमेरिकन फुटबॉल संघाने साउथईस्टर्न कॉन्फरन्स या गटात खेळलेला हंगाम. चौदापैकी बारा सामने जिंकून हा संघ गटविजेता ठरला. राष्ट्रीय अजिंक्यपद मात्र त्याने अंतिम सामन्यात तीन गुणांनी गमावले. अलाबामा विद्यापीठाविरुद्धचा सामना ज्या शेवटच्या क्षणात जिंकला गेला, त्या क्षणासाठी हा हंगाम प्रामुख्याने ओळखला जातो.

आदल्या वर्षी ऑबर्नची अवस्था दयनीय होती. २०१२ मध्ये संघाने बारांपैकी जेमतेम तीन सामने जिंकले आणि गटातील आठच्या आठ सामने गमावले. दोनच वर्षांपूर्वी, २०१० मध्ये, राष्ट्रीय अजिंक्यपद मिळवून देणारे मुख्य प्रशिक्षक जीन चिझिक यांना त्यामुळे पद सोडावे लागले आणि त्या विजेत्या संघाच्या आक्रमणाची आखणी करणारे गस मालझान त्यांच्या जागी आले. दोन डावांच्या (म्हणजे चेंडू खेळात असतानाच्या दोन चालींच्या) मध्ये घोळका करून सल्लामसलत करायची नाही, चेंडू जमिनीवर ठेवला की लगेच पुढचा डाव सुरू करायचा आणि बचाव करणाऱ्यांना खेळाडू बदलण्याइतकीही उसंत द्यायची नाही, ही मालझान यांची पद्धत. त्यांना मिळालेला क्वार्टरबॅक (आक्रमणाची सूत्रे हाती असलेला, चेंडू फेकणारा खेळाडू) निक मार्शल पूर्वी जॉर्जिया विद्यापीठात बचावफळीत खेळत असे आणि कॅन्सासमधील एका कनिष्ठ महाविद्यालयातून ऑबर्नला आला होता. तो चेंडू घेऊन पळणाऱ्या ट्रे मेसनच्या पोटाशी चेंडू धरायचा आणि समोरच्या फळीच्या टोकाचा खेळाडू कुणावर झेपावतो हे पाहायचा. तो खेळाडू मेसनकडे वळला, तर मार्शल चेंडू काढून घेऊन स्वतः पळत असे, आणि जागीच थबकला, तर चेंडू मेसनच्या हाती सोडत असे. या युक्तीवर संघाने दर सामन्यात सरासरी ३२८ यार्ड पळून मिळवले आणि त्या बाबतीत देशात पहिला क्रमांक पटकावला. मेसनने हंगामात १,८१६ यार्ड धावून बो जॅक्सन यांचा १९८५ सालचा १,७८६ यार्डांचा विद्यापीठ-विक्रम मोडला. या हंगामाबद्दल बोलताना नशिबाचे नाव फार घेतले जाते. पण शेवटच्या मिनिटापर्यंत सामना हातात राहिला, तो या पळण्याच्या जोरावर.

सप्टेंबरमध्ये लुइझियाना स्टेटकडून ३५–२१ असा पराभव झाल्यानंतर संघाने सलग नऊ सामने जिंकले. त्यांपैकी १६ नोव्हेंबरचा जॉर्जियाविरुद्धचा सामना ऑबर्नने जवळजवळ हातचा घालवला होता. चौथ्या सत्रातील ३७–१७ ही आघाडी जाऊन फलक ३७–३८ झाला, चौथा म्हणजे अखेरचा प्रयत्न उरला आणि चेंडूचा ताबा राखायला त्यात १८ यार्ड हवे होते. मार्शलने लांबवर फेकलेल्या चेंडूकडे जॉर्जियाचे दोन खेळाडू एकदमच झेपावले. त्यांना लागून उडालेला चेंडू पुढे पळत असलेल्या रिकार्डो लुईसच्या हाती आला आणि ७३ यार्डांचे टचडाउन झाले, म्हणजे चेंडू प्रतिस्पर्ध्याच्या गोलरेषेपार गेला. त्या वेळी २५ सेकंद बाकी होते.

दोन आठवड्यांनी, ३० नोव्हेंबरला, आयर्न बोल म्हणून प्रसिद्ध असलेल्या वार्षिक लढतीत अव्वल क्रमांकाचा आणि आधीच्या दोन्ही वर्षांचा राष्ट्रीय विजेता अलाबामा संघ ऑबर्नच्या जॉर्डन-हेअर मैदानावर आला. फलक २८–२८ असताना घड्याळ शून्यावर गेले. परंतु अलाबामाचा खेळाडू सीमेबाहेर गेला तेव्हा एक सेकंद शिल्लक होता, असे चित्रफितीवरून ठरले आणि तो सेकंद परत देण्यात आला. अलाबामाने ५७ यार्डांवरून फील्ड गोलचा, म्हणजे चेंडू लाथेने खांबांमधून पलीकडे धाडण्याचा, प्रयत्न केला. नेहमीच्या किकरचे तीन प्रयत्न आधीच वाया गेले होते, म्हणून ही किक अ‍ॅडम ग्रिफिथकडे देण्यात आली. खांबांपर्यंत न पोहोचलेली किक जिवंत चेंडू मानली जाते आणि ती झेलून कुणीही पळू शकतो. हे ओळखून ऑबर्नने ख्रिस डेव्हिसला खांबांखाली उभे केले होते. चेंडू कमी पडला, डेव्हिसने तो एंडझोनच्या (गोलरेषेमागच्या पट्ट्याच्या) अगदी मागच्या कडेला झेलला आणि डाव्या सीमारेषेने तो सुटला. किकसाठी उतरलेले अलाबामाचे बहुतेक खेळाडू धिप्पाड व संथ होते; त्यांना तो सापडलाच नाही. अंतर १०९ यार्डांचे होते, पण एंडझोनमधील यार्ड हिशेबात धरत नसल्याने नोंद १०० यार्डांची झाली. ऑबर्न ३४–२८ असा जिंकला.

७ डिसेंबरला अटलांटा येथे मिसूरीचा ५९–४२ असा पराभव करून ऑबर्नने गटाचे विजेतेपद मिळवले. त्यात मेसन ४६ वेळा चेंडू घेऊन ३०४ यार्ड पळाला. त्याच रात्री ओहायो स्टेट हरल्याने राष्ट्रीय अंतिम सामन्यातील दुसरे स्थान मोकळे झाले. मतचाचण्या आणि संगणकीय क्रमवारी यांवरून अंतिम सामन्याचे दोनच संघ निवडण्याची पद्धत त्या हंगामात शेवटचीच वापरली गेली आणि तिचा लाभ ऑबर्नला झाला.

६ जानेवारी २०१४ रोजी पॅसाडेना येथील अंतिम सामन्यात फ्लोरिडा स्टेटविरुद्ध ऑबर्नकडे एके काळी २१–३ अशी आघाडी होती. १ मिनिट १९ सेकंद उरले असताना मेसनने ३७ यार्ड पळून संघाला ३१–२७ असे पुढे नेले. त्यानंतर फ्लोरिडा स्टेटचा क्वार्टरबॅक जेमिस विन्स्टनने आपल्या संघाला दोन यार्डांच्या रेषेपर्यंत आणले आणि १३ सेकंद बाकी असताना उंचापुऱ्या केल्विन बेंजामिनकडे चेंडू फेकला. बेंजामिनने तो उडी मारून झेलला आणि फ्लोरिडा स्टेटने ३४–३१ असा विजय मिळवला. त्या डावात बेंजामिनच्या अंगावर ऑबर्नतर्फे नेमलेला खेळाडू ख्रिस डेव्हिस होता.