कोयनेचे धक्के आणि ‘खालचा लाव्हा’

११ डिसेंबर १९६७ च्या भूकंपापासून पाटण-कऱ्हाड भागात एक समज टिकून आहे, तो असा की जमिनीखाली सर्वत्र लाव्हारस उकळतो आणि तो उसळला की कोयनेचे धक्के बसतात. हे खरे नाही. द्रवातून जाऊ न शकणाऱ्या भूकंपाच्या दुय्यम लहरी सुमारे २,९०० किलोमीटर जाडीच्या प्रावरणातून (पृथ्वीच्या कवचाखालच्या थरातून) आरपार जातात, म्हणजेच प्रावरण मुख्यतः घन आहे. द्रव आहे तो त्याखालचा लोह-निकेलचा बाह्य गाभा. कोयनेचे धक्के मात्र दहाएक किलोमीटरांच्या आतच, जुन्या भेगांवरील ताण सुटल्याने बसतात, आणि जलाशयाचे झिरपणारे पाणी त्यांना चालना देते. संशोधनासाठी तेथे घेतलेल्या खोल विंधनछिद्रांतही सुमारे एक किलोमीटर काळ्या पाषाणाखाली (तो मात्र खरोखरच एकेकाळचा लाव्हा) घट्ट ग्रॅनाइटी खडकच लागला.